बिली गिल्मर मान का फिरवतो

स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावर आर्ड्रॉसन नावाचं एक लहानसं बंदर आहे. समोर अ‍ॅरन बेट. बेटावरच्या ब्रॉडिकला जाणारी फेरीबोट वर्षानुवर्षं इथून सुटत आली. प्रवास तासाभराच्या आतला, आणि वारा सुटला की फेरी रद्द. दाभोळच्या नाहीतर जयगडच्या जेटीवर गाडी रांगेत लावून खाडीकडे बघत बसलेल्या माणसाला हे गाव परकं वाटणार नाही. पाऊसही आहे, पण आपल्यासारखा चार महिन्यांत उरकून घेणारा नाही. वर्षभराचा मिळून रत्नागिरीच्या निम्म्यालाही पोचत नाही, फक्त बारा महिने रिपरिप चालू.

स्कॉटलंडचा फुटबॉलपटू बिली गिल्मर या गावात वाढला. जन्म ११ जून २००१, शेजारच्या अर्व्हिनमध्ये. उंची १ मीटर ७० सेंटिमीटर, अंगकाठी कॉलेजच्या पहिल्या वर्षाच्या पोरासारखी. चेल्सी, नॉर्विच, ब्रायटन या क्लबांकडून इंग्लंडच्या प्रीमियर लीगमध्ये खेळून झालं, पण तिथे एकही गोल नाही. आणि तरीही लंडनच्या वेम्बली मैदानावर इंग्लंडविरुद्धच्या सामन्यात सामनावीर, आणि पुढे इटलीत नापोलीबरोबर लीगचं विजेतेपद. गोलांची क्लिप शोधून या खेळाडूचं काही कळत नाही. त्याच्याकडे चेंडू येण्याआधीची दीड सेकंदं बघावी लागतात.

आधी गावाबद्दल थोडं, कारण तो पट्टाच गमतीचा आहे. आर्ड्रॉसन, सॉल्टकोट्स आणि स्टीव्हनस्टन ही तीन गावं एकमेकांना चिकटून आहेत. तिकडे त्यांना ‘तीन गावं’ असंच म्हणतात. १९६७ मध्ये युरोपियन कप जिंकणाऱ्या सेल्टिकच्या संघाबद्दल सांगतात की सगळे खेळाडू ग्लासगोच्या तीस मैलांच्या परिघातले. त्यात सगळ्यात लांबचा बॉबी लेनॉक्स, तो सॉल्टकोट्सचा. गिल्मरला राष्ट्रीय संघात घेणारा प्रशिक्षक स्टीव्ह क्लार्क, तोही सॉल्टकोट्सचा, आणि खेळाडू म्हणून अकरा वर्षं चेल्सीत काढलेला. लिव्हरपूलने सोळाव्या वर्षी उचललेला वेगवान विंगर बेन डोक, तो तिथून जवळच आत असलेल्या डॅल्री गावचा. मालवण, देवबाग आणि तारकर्ली एवढ्याच टापूतून राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक, मधली फळी आणि विंगर निघावा, तसं काहीसं.

आता मुद्द्याचं. गिल्मर खेळतो बचावफळीच्या बरोबर पुढे. या जागेवरच्या खेळाडूची अडचण अशी की चेंडू त्याच्याकडे बहुतेक वेळा मागून येतो, स्वतःच्या सेंटर बॅककडून, म्हणजे बचावफळीतल्या मधल्या खेळाडूकडून. म्हणजे त्याचं तोंड स्वतःच्या गोलकडे, पाठ प्रतिस्पर्ध्याच्या गोलकडे, आणि पाठीवर धावून येणारा माणूस त्याला दिसत नाही. धिप्पाड खेळाडू इथे अंग आडवं घालून चेंडू राखतो. एक मीटर सत्तरवाल्याला ते परवडत नाही. त्याला माणूस पोचण्याआधी वळून मोकळं व्हावं लागतं, आणि वळायचं कुठल्या बाजूला हे चेंडू पायाशी येण्याआधी ठाऊक असावं लागतं.

त्यासाठी मान. सेंटर बॅक चेंडू घेत असताना एकदा खांद्यावरून मागे नजर, आणि पास सुटल्यावर चेंडू वाटेत असताना दुसरी. दुसरी नजर पहिल्यापेक्षा महत्त्वाची, कारण तेवढ्या वेळात मागचा माणूस तीन पावलं हललेला असतो. बारा मीटरचा बऱ्यापैकी जोरकस पास साधारण सव्वा सेकंदात पोचतो. त्यातलं पहिलं अर्ध बघण्यासाठी, उरलेलं चेंडूसाठी.

पण नुसती मान फिरवून भागत नाही. शरीर आधीच अर्धवट वळलेलं हवं. गिल्मर पास घेताना छाती पास देणाऱ्याकडे सरळ ठेवत नाही. एक खांदा स्वतःच्या गोलकडे, दुसरा पुढच्या मैदानाकडे. चेंडू जवळच्या पायाला न लावता त्याच्यासमोरून जाऊ देतो आणि लांबच्या पायाच्या आतल्या बाजूने घेतो. त्या एका स्पर्शातच तो पुढे तोंड करून उभा असतो. जवळच्या पायाने थांबवला असता तर थांबवणं, वळणं, मग बघणं अशा तीन गोष्टी झाल्या असत्या, आणि तिसरीपर्यंत चेंडू गेलेला असता. मागे माणूस अगदी चिकटलेला दिसला तर तो वळतच नाही. एका स्पर्शात चेंडू आला तिकडे परत देतो आणि दोन पावलं बाजूला सरकून पुन्हा मागतो. टीव्हीवर हे कंटाळवाणं दिसतं. समालोचकही अशा वेळी दुसऱ्याच विषयावर बोलत असतात.

३ मार्च २०२० ला लिव्हरपूलविरुद्धच्या एफए कप सामन्यात हे सगळं एकदम उघडं पडलं. त्या हंगामातलं लिव्हरपूल म्हणजे चेंडूवर धाडी घालणारा जगातला सगळ्यात आक्रमक संघ. अठरा वर्षांचा गिल्मर त्यांच्या मधोमध उभा. एका वळणावर फाबिन्योसारखा कसलेला माणूस चक्क मागे राहून गेला. चेल्सी २-० ने जिंकली आणि सामनावीर हा पोरगा.

तो तिथवर पोचला कसा, हे पालकांना आणि गावोगावच्या प्रशिक्षकांना जास्त उपयोगाचं आहे.

लहान असतानाच तो ग्लासगोच्या रेंजर्स क्लबच्या अकादमीत गेला. क्लबचं सराव केंद्र ग्लासगोच्या उत्तरेला मिलगायला. आर्ड्रॉसनहून एका बाजूने पन्नास-साठ किलोमीटर. मालवणहून शाळा सुटल्यावर सावंतवाडी गाठायची आणि रात्री परत यायचं, एवढा व्याप. यात मुलाचं जे जातं ते पैशापेक्षा जास्त झोपेत आणि जेवणाच्या वेळांत जातं. स्कॉटिश फुटबॉल असोसिएशनला हेच खुपत होतं. मुलं दिवसभर शाळेत, संध्याकाळी दमून सरावाला, आणि आठवड्यात चेंडूला पाय लागतो तो जेमतेम काही तास.

त्यावर मार्क वोट्टे या डच कामगिरी-संचालकाच्या काळात, २०१२ पासून, सात सरकारी शाळा निवडल्या गेल्या. ॲबर्डीन, डंडी, फॉल्कर्क, एडिनबरा, मदरवेल, ग्लासगो आणि किल्मार्नॉक या ठिकाणी एकेक. माध्यमिक शाळेत शिरतानाच, म्हणजे बाराव्या वर्षाच्या आसपास, मुलं निवडायची. शाळा नेहमीचीच, अभ्यासक्रम नेहमीचाच, फक्त शाळेच्या वेळापत्रकातच रोज फुटबॉलचा तास, असोसिएशनच्या प्रशिक्षकाकडून. क्लबचा संध्याकाळचा सराव वेगळा. गिल्मर किल्मार्नॉकच्या ग्रेंज अकॅडमीत गेला.

हिशेब करून बघा. स्कॉटलंडमध्ये मुलांसाठी शाळेचे दिवस वर्षाला १९०. चार वर्षांत ७६०. आजारपण, परीक्षा, दौरे वजा केले तरी सहाशेच्या वर जादा सत्रं, तीही सकाळच्या ताज्या पायांनी आणि त्यासाठी वेगळा प्रवास न करता. आपल्याकडे दहावीच्या वर्षी मैदान सुटतं ते कायमचं, कारण शाळा, क्लास आणि मैदान ही तीन टोकं असतात आणि मधे एसटी. तिथे मैदान शाळेच्या आतच नेलं. या शाळांमधून सगळेच काही गिल्मर होऊन बाहेर पडले नाहीत. बहुतेक मुलं व्यावसायिक फुटबॉलपर्यंत पोचलीच नाहीत. पण त्यांचं शिक्षण बुडालं नाही, आणि या योजनेतली मला तरी हीच गोष्ट जास्त शहाणपणाची वाटते.

पंधराव्या वर्षी रेंजर्सचा तेव्हाचा मॅनेजर मार्क वॉरबर्टनने त्याला मोठ्या संघाबरोबर सरावाला बोलावलं. मोठ्या संघाकडून सामना मात्र तो खेळला नाही. २०१७ च्या उन्हाळ्यात, सोळा पूर्ण होताच, चेल्सीने नेला. सुरुवातीची रक्कम पाच लाख पौंड.

सोळाच का? इथे फिफाचा नियम समजून घ्यायला हवा, कारण कोकणातल्या पालकांची यातच फसवणूक होते. खेळाडूंच्या बदलीच्या नियमावलीतलं १९ वं कलम सांगतं की अठरा वर्षांखालच्या खेळाडूची एका देशाच्या संघटनेतून दुसऱ्या देशाच्या संघटनेत बदली करता येत नाही. मोजके अपवाद आहेत. आईवडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणाने त्या देशात राहायला गेले, हा एक. सीमेलगतच्या गावांचा एक. आणि सोळा ते अठरा वयासाठी एक, पण तो युरोपियन युनियनच्या परिसरात किंवा एकाच देशातल्या दोन संघटनांमध्ये. इंग्लंड आणि स्कॉटलंड यांच्या फुटबॉल संघटना वेगळ्या, देश एकच. म्हणून स्कॉटिश मुलगा सोळाव्या वर्षी लंडनला जाऊ शकतो. ब्रेक्झिटनंतर इंग्लिश क्लबांना स्पेन-फ्रान्सची सोळा वर्षांची मुलं आणता येईनाशी झाली, तेव्हापासून स्कॉटलंडच्या पोरांवर त्यांचा डोळा अजूनच वाढला.

आता आपल्याकडे. रत्नागिरीच्या किंवा वसईच्या पंधरा वर्षांच्या मुलाला ‘युरोपातल्या क्लबशी करार करून देतो, ट्रायलची फी भरा’ असं कोणी सांगत असेल तर तो खोटं बोलतोय. नियमात तशी वाटच नाही. सराव शिबिराला जाता येतं, सहल म्हणून मैदानं बघता येतात. करार आणि नोंदणी होत नाही. एजंटलाही फिफाचा परवाना लागतो, अल्पवयीन मुलाच्या बाबतीत पालकांची लेखी संमती लागते. परवाना मागा. टाळाटाळ सुरू झाली की समजून जा.

सोळाव्या वर्षी आर्ड्रॉसन सोडून लंडन गाठणं, हे चाकरमान्यांच्या कोकणाला नव्याने काय सांगायचं. आपल्याकडे गावकऱ्यांच्या खोलीत एक कोपरा मिळायचा आणि गावच्या मंडळाचं कोणीतरी लक्ष ठेवायचं. क्लब हेच काम जरा नीटनेटकेपणाने करतात. परगावच्या पोरांना सहसा ओळखीच्या कुटुंबात ठेवतात, जेवणखाण तिथेच, क्लबचा माणूस ये-जा करून असतो. तरी घर सुटतं ते सुटतंच, आणि अकादमीतली कितीतरी मुलं पायांच्या दोषाने नाही तर घरच्या ओढीने मागे फिरतात.

पैशाचंही एक अंग आहे. खेळाडूला घडवणारा क्लब विकून मोकळा झाला तरी त्याचा हक्क संपत नाही. बारा ते तेवीस या वयात ज्या ज्या क्लबांनी त्याला शिकवलं, त्यांना पुढच्या विक्रीतून मिळून पाच टक्के वाटा मिळतो. बारा ते पंधरा वयाच्या प्रत्येक वर्षाला पाव टक्का, सोळापासून तेवीसपर्यंत प्रत्येक वर्षाला अर्धा टक्का. चेल्सीने पुढे गिल्मरला ब्रायटनला विकलं ते साधारण नव्वद लाख पौंडांना. बारा ते पंधरा ही चार वर्षं रेंजर्सची धरली तर एक टक्का, म्हणजे ढोबळ नव्वद हजार पौंड. ही विक्री दोन इंग्लिश क्लबांमधली होती, पण घडवणारा क्लब दुसऱ्या संघटनेतला असेल तर देशांतर्गत विक्रीतही हा वाटा लागू होतो. २०२० पासून तसा नियमच आहे. आपल्याकडच्या लहान क्लबांनी मुलांची नोंदणी वर्षाच्या वर्षी का करावी, त्याचं उत्तर यात आहे. नोंद नसेल तर दावा नाही.

चेल्सीत पहिली दोन वर्षं युवा संघात गेली. २०१८ चा एफए यूथ कप जिंकला, त्याच उन्हाळ्यात व्यावसायिक करार झाला. मग नशिबाने दार उघडलं, आणि त्याची कडी त्याच १९ व्या कलमाने काढली. परदेशी अल्पवयीन खेळाडूंच्या नोंदणीत नियम मोडल्याबद्दल फिफाने फेब्रुवारी २०१९ मध्ये चेल्सीवर नवीन खेळाडू घेण्याची बंदी घातली. नवे खेळाडू आणता येईनात, तेव्हा नवा मॅनेजर फ्रँक लॅम्पार्डने घरचीच पोरं वर काढली. माउंट, अब्राहम, टोमोरी, रीस जेम्स. त्यांच्या मागोमाग गिल्मर.

३१ ऑगस्ट २०१९, शेफील्ड युनायटेडविरुद्ध पदार्पण. सामना २-१ ने हातात, शेवटची पाच-सहा मिनिटं बाकी, अब्राहमच्या जागी हा उतरला. आणि एकोणनव्वदाव्या मिनिटाला स्वयंगोल होऊन सामना २-२. पदार्पण लक्षात राहावं असं नव्हतं. खरी ओळख मार्चमध्ये पटली. लिव्हरपूलनंतर पाचच दिवसांनी, ८ मार्चला, एव्हर्टनविरुद्ध प्रीमियर लीगमध्ये तो पहिल्यांदाच सुरुवातीपासून उतरला. आपल्याकडे रविवार संध्याकाळ, साडेसात, होळीचा आदला दिवस, गावोगाव पालख्या निघालेल्या. चेल्सी ४-० ने जिंकली आणि पुन्हा सामनावीर हाच.

त्या आठवड्याअखेर कोरोनामुळे लीग थांबली. जूनमध्ये सुरू झाली, आणि जुलैच्या पहिल्या पंधरवड्यात क्रिस्टल पॅलेसविरुद्ध त्याचा गुडघा गेला. शस्त्रक्रिया, काही महिने बाहेर. डिसेंबरमध्ये परत आला तेव्हा बंदी उठून बरेच दिवस झाले होते आणि मधल्या फळीत गर्दी झाली होती. जानेवारीत लॅम्पार्डही गेला. दोन हंगामांत मिळून चेल्सीसाठी सामने झाले वीस-बावीस.

एवढ्या तुटपुंज्या भांडवलावर क्लार्कने त्याला २०२१ मध्ये झालेल्या युरोसाठी, म्हणजे युरोपातल्या देशांच्या स्पर्धेसाठी, निवडलं. २ जूनला नेदरलँड्सविरुद्ध मैत्रीपूर्ण सामन्यात पदार्पण, आणि १८ जूनला वेम्बलीवर इंग्लंडविरुद्ध थेट सुरुवातीच्या अकरांत. आपल्याकडे तेव्हा रात्रीचे साडेबारा, जूनचा मध्य. त्या दिवसांत कोकणात लाईट असणं हेच मोठं भाग्य. मायदेशी खेळणाऱ्या इंग्लंडला स्कॉटलंडने ०-० वर रोखलं. गिल्मर ७६ मिनिटं खेळला. त्याच्याकडे चेंडू आला की इंग्लंडची धाड फुकट जायची, कारण ती पोचेपर्यंत चेंडू दुसरीकडे गेलेला असायचा. वीस वर्षं आणि सात दिवस वय. सामनावीर.

तीन दिवसांनी कोरोनाची चाचणी पॉझिटिव्ह. दहा दिवस विलगीकरण. क्रोएशियाविरुद्धचा निर्णायक सामना बाहेर बसून बघायचा. स्कॉटलंड १-३ ने हरून स्पर्धेबाहेर. इंग्लंडचे माउंट आणि चिलवेल हे चेल्सीतले दोस्त सामन्यानंतर त्याच्याशी बोलत उभे राहिले होते, तेही अडकले.

वेम्बलीची रात्र सगळे सांगतात. मला त्याच्या पुढचं वर्ष जास्त शिकवणारं वाटतं, कारण तिथे तो फसला. २०२१-२२ च्या हंगामासाठी चेल्सीने त्याला नॉर्विचला लोनवर, म्हणजे हंगामापुरता उसना, पाठवलं. कागदावर झकास बेत: नॉर्विच नुकतं प्रीमियर लीगमध्ये वर आलेलं, चेंडू जमिनीवरून खेळवणारं, मॅनेजर डॅनियल फार्के. प्रत्यक्षात पहिलाच सामना लिव्हरपूलकडून ०-३, आणि मग हरण्याची रांग. नोव्हेंबरमध्ये फार्के गेला, डीन स्मिथ आला, खेळण्याची पद्धत बदलली. हंगामाअखेर नॉर्विच तळाला, ३८ सामन्यांत २२ गुण. गिल्मरचे लीगमधले सामने २४. शेवटी शेवटी नॉर्विचचेच काही प्रेक्षक त्याच्या नावाने ओरडू लागले होते.

चुकलं काय? गिल्मरसारखा खेळाडू गुणाकार करतो. शून्याला गुणून काही हाती येत नाही. तो वळून मोकळा झाला की पुढे कोणीतरी पळणारा हवा, आणि बाजूला पास देण्याजोगे दोन माणूस हवेत. नॉर्विचचा संघ बहुतेक वेळ स्वतःच्या पेनल्टी क्षेत्राच्या आसपास जखडलेला असायचा. चेंडू मिळायचा तो उंचावरून, डोकं लावून किंवा झटापटीत. तिथे एक मीटर सत्तरचा हिशेब आडवा येतोच. शिवाय लोनचा खेळाडू पाहुणा. संघ बुडायला लागला की मॅनेजर पुढच्या वर्षी जे इथेच असणार आहेत त्यांच्याकडे वळतो. आणि प्रीमियर लीगच्या नियमाने तो मूळ मालकाविरुद्ध, चेल्सीविरुद्ध, खेळूही शकत नव्हता. लोन ठरवताना क्लबचं नाव बघण्यापेक्षा तो संघ सामन्यात किती वेळ चेंडू राखतो हे बघावं. हे आता सांगणं सोपं आहे, तेव्हा आम्हा सगळ्यांनाच बेत आवडला होता.

१ सप्टेंबर २०२२ ला, खेळाडूंच्या खरेदी-विक्रीची मुदत संपण्याच्या दिवशी, ब्रायटनने त्याला कायमचा घेतला. घेणारा मॅनेजर ग्रॅहम पॉटर. आठवड्याभरात पॉटर स्वतःच चेल्सीचा मॅनेजर होऊन निघून गेला. गिल्मर ज्या दारातून बाहेर पडला त्याच दारातून साहेब आत. नवा आलेला रोबेर्तो दे झेर्बी, आणि पुढ्यात कायसेदो आणि मॅक अ‍ॅलिस्टर अशी जोडी. पहिल्या हंगामात लीगचे १४ सामने, तेही तुकड्यातुकड्यांनी. २०२३ च्या उन्हाळ्यात ती जोडी विकली गेली आणि मग कुठे सलग खेळ मिळाला, तीसच्या आसपास सामने. दे झेर्बीची पद्धत याच्यासाठीच शिवल्यासारखी होती. चेंडू बुटाच्या तळव्याखाली दाबून उभं राहायचं, प्रतिस्पर्धी धावून येण्याची वाट बघायची, तो आला की त्याने सोडलेल्या जागेत पास. माशाला गळ टाकून बसण्यासारखं आहे ते. घाई केली तर मासा नाही, उशीर केला तर गळही नाही.

ऑगस्ट २०२४ च्या शेवटी तो नापोलीला गेला, स्कॉट मॅकटॉमिनेच्या जोडीने. तिथे स्तानिस्लाव लोबोत्का या स्लोव्हाक खेळाडूची जागा पक्की, त्यामुळे गिल्मर पुन्हा रांगेत; लोबोत्का दुखापतीने बाहेर असला की हा. २३ मे २०२५ ला काल्यारीला २-० हरवून नापोली चौथ्यांदा इटलीचा विजेता झाला. राष्ट्रीय संघासाठी पहिला गोल त्याच्या आधीचा, सप्टेंबर २०२४ मध्ये ग्लासगोच्या हॅम्पडन मैदानावर पोलंडविरुद्ध. त्या सामन्यात ३-२ ने हार झाली, आणि डॅल्रीचा बेन डोक त्याच रात्री पहिल्यांदा देशासाठी उतरला.

आता आपल्या मैदानांबद्दल. गिल्मरचं वळण आपल्याकडे शिकवायचं तर अडचण जमिनीची. सड्यावरच्या जांभ्यावर चेंडू कसाही उसळतो, त्यामुळे पोरांची नजर चेंडूवरून हटतच नाही. हटली तर चेंडू नडगीवर. कापणीनंतरच्या कुणग्यात धसकटं टोचतात. सगळ्यात चांगली जागा म्हणजे सुकतीला उघडी पडणारी पुळण, पाण्यालगतचा ओला, टणक पट्टा. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास सुकती संध्याकाळच्या सुमारास येते आणि पाणी खूप मागे जातं. तेव्हा सराव ठेवावा. अष्टमीच्या आसपास संध्याकाळी भरती असते, त्या दिवशी दुसरं काहीतरी करा.

बारा वर्षांखालच्या मुलांना चार नंबरचा चेंडू, वजन ३५० ते ३९० ग्रॅम. त्यापुढे पाच नंबर, ४१० ते ४५० ग्रॅम. हवा साडेआठ ते साडेपंधरा पीएसआय चालते. सड्यावर नऊच्या आसपासच ठेवावी, उसळी कमी होते.

तीन मुलं एका ओळीत, अंतर बारा-बारा मीटर. पहिला पास देणार, मधला घेऊन वळणार, तिसऱ्याला देणार. मधल्याच्या पाठीमागे पाच-सहा पावलांवर चौथा उभा. पास सुटला की चौथ्याने एका हाताची बोटं वर करायची, दोन, चार, कितीही. मधल्याने चेंडूला पाय लावण्याआधी आकडा मोठ्याने सांगायचा आणि लांबच्या पायाने चेंडू घ्यायचा. दहा पास झाले की जागा बदला. आकडा बरोबर यायला लागला की चौथ्याने कधी बोटं दाखवायची, कधी धावत यायचं. धावत आला तर न वळता एका स्पर्शात परत.

यात बिघडतं ते ठरलेल्या तीन ठिकाणी. पास सुटायच्या आधीच बघून घेतात, मग आकडा चुकतो. किंवा चेंडू शेवटच्या मीटरवर असताना बघतात, मग चेंडू पायाखालून निघून जातो. आणि सगळ्यात जास्त वेळा, मान फिरते पण पाय फिरत नाहीत: दोन्ही टाचा जमिनीला चिकटलेल्या, छाती सरळ पास देणाऱ्याकडे. अशा मुलाच्या मागच्या पायाखाली वाळूत टाचेने एक तिरपी रेघ मारा, पास देणाऱ्याच्या दिशेशी साधारण पंचेचाळीस अंशात, आणि पाऊल त्या रेघेवर ठेवायला सांगा. आठवड्याने रेघ मारणं बंद करा आणि पाऊल कुठे पडतंय ते बघा.